कानोसाच्या दारातले तीन दिवस

जर्मनीतल्या मेर्सेबुर्गच्या कॅथेड्रलमध्ये वाळून काळा पडलेला एक उजवा हात जपून ठेवला आहे. हा हात श्वाबियाचा ड्यूक रुडॉल्फ याचा, असं परंपरा सांगते. १०८० च्या ऑक्टोबरात एल्स्टर नदीकाठच्या लढाईत तो तुटला आणि रुडॉल्फ जखमांनी मेला. ज्या हाताने त्याने राजा हेन्रीशी इमान राखण्याची शपथ घेतली, तोच हात देवाने काढून घेतला, असं हेन्रीचे लोक म्हणू लागले. रुडॉल्फच्या पक्षाचं उत्तर तयार होतं: ती शपथ पोपने केव्हाच सोडवली होती. राजाला दिलेली शपथ पोप सोडवू शकतो का, या प्रश्नाने अकराव्या शतकातल्या जर्मनी-इटलीत कितीतरी घरं बेचिराख केली.

भांडणाचं मूळ मात्र जमिनीत होतं, आणि वतनदारी पाहिलेल्या आपल्या मुलखाला ते चटकन समजेल. सरदाराला वतन दिलं की ते त्याच्या मुलाकडे जातं आणि दोन-तीन पिढ्यांत घराण्याचं होऊन बसतं. बिशपाला औरस वारस नसतो. तो मेला की जमीन, जकात, टांकसाळ सगळं पुन्हा राजाच्या हाती येतं. म्हणून जर्मन राजे बिशपांना आणि मठांना सढळ हाताने मुलूख देत गेले आणि त्यांच्याकडून कारभार, पैसा, फौज घेत राहिले. दुसऱ्या ऑट्टोने ९८१ च्या सुमारास इटलीच्या मोहिमेसाठी मागवलेल्या चिलखती स्वारांची यादी आजही उपलब्ध आहे. त्यातले बहुसंख्य स्वार बिशपांनी आणि मठाधिपतींनी पाठवायचे होते.

असा बिशप राजाच नेमणार, हे ओघानेच आलं. नवा बिशप राजापुढे यायचा आणि राजा त्याच्या हाती अंगठी आणि आकड्याची काठी द्यायचा. अंगठी ही बिशपाचं आपल्या चर्चशी लग्न लागल्याची खूण आणि काठी मेंढपाळाची. दोन्ही वस्तू धर्माच्या, पण देणारा हात राजाचा. यात कुणाला फारसं वावगं वाटत नसे, कारण राजा हा निव्वळ संसारी माणूस मानला जात नव्हता. जुन्या करारातल्या शौल आणि दाविदासारखा राज्याभिषेकाच्या वेळी त्यालाही पवित्र तेल लावलं जाई. फ्रँक लोकांच्या पेपिनपासून, म्हणजे ७५१ पासून, ही रीत पडली होती. तेल लागलेला राजा अर्धा धर्मगुरूच होता. तिसऱ्या हेन्रीने तर १०४६ मध्ये इटलीत उतरून पोपपदावर हक्क सांगणाऱ्या तिघांना बाजूला सारलं, आपल्या पसंतीचा जर्मन बिशप पोप केला आणि त्याच्याच हातून सम्राटपदाचा मुकुट घेतला.

हा हेन्री १०५६ मध्ये वारला तेव्हा त्याचा मुलगा, चौथा हेन्री, सहा वर्षांचाही झाला नव्हता. या पोराच्या लहानपणीची एक घटना मला विसरता येत नाही. १०६२ मध्ये ऱ्हाईनकाठच्या कैझर्सवेर्थला कोलोनचा आर्चबिशप आन्नो याने बालराजाला नवी सजवलेली नाव दाखवतो म्हणून बोलावलं. पोर नावेत चढलं आणि वल्ही चालू झाली. आपल्याला पळवून नेताहेत हे लक्षात येताच अकरा वर्षांच्या हेन्रीने नदीत उडी टाकली. एका सरदाराने मागोमाग उडी घेऊन त्याला बाहेर काढलं, पण राज्याची सूत्रं आन्नोच्या हाती गेली. ज्याला धर्मगुरूनेच पळवलं, तो मोठेपणी धर्मगुरूंच्या शब्दावर किती विसंबला असेल?

इकडे रोममध्ये वारं बदललं होतं. पैसे मोजून मिळवलेली धर्मपदं आणि पाद्र्यांचे संसार बंद झाले पाहिजेत, असं म्हणणारी पिढी पुढे आली. १०५९ मध्ये पोप निवडण्याचा अधिकार प्रामुख्याने कार्डिनलांकडे गेला. १०७३ मध्ये हिल्डेब्रांड नावाचा करारी मनुष्य सातवा ग्रेगरी म्हणून पोप झाला. त्याच्या १०७५ च्या पत्रसंग्रहात सत्तावीस छोटी विधानं नोंदवलेली आहेत. पोप सम्राटाला पदच्युत करू शकतो हे त्यातलं एक, आणि दुष्ट राजाच्या प्रजेला इमानाच्या शपथेतून मोकळं करू शकतो हे शेवटचं.

ठिणगी पडली ती मिलानच्या आर्चबिशपपदावरून. हेन्रीने तिथे आपला माणूस बसवला आणि ग्रेगरीने राजाला खरमरीत पत्र धाडलं. जानेवारी १०७६ मध्ये व्होर्म्सला जर्मन बिशपांना जमवून हेन्रीने ग्रेगरीला पोप मानायलाच नकार दिला. पुढच्याच महिन्यात ग्रेगरीने राजाला वाळीत टाकलं आणि प्रजेला शपथेतून मोकळं केलं. हेन्रीला नको असलेल्या सरदारांना एवढं निमित्त पुरेसं होतं. वर्षाच्या आत बहिष्कार उठला नाही तर दुसरा राजा निवडू, असं त्यांनी शरद ऋतूत बजावलं आणि पोपला निवाड्यासाठी आउग्सबुर्गला बोलावलं.

हेन्रीने त्याआधीच पोपला गाठायचं ठरवलं. त्या भयंकर हिवाळ्यात तो बायको बेर्था आणि तीन वर्षांचाही न झालेला मुलगा कोनराड यांना घेऊन माँ सेनीच्या घाटाने आल्प्स ओलांडू लागला. बायकांना बैलांच्या कातड्यांवर बसवून बर्फाच्या उतारावरून खाली ओढलं, असं हेर्सफेल्डचा संन्यासी लांपेर्ट लिहितो. तो हेन्रीचा विरोधक होता आणि त्याला रंगवून सांगायची सवय होती. तरी त्या वाटेने एवढ्याशा पोरासह गेलेल्या आईची कल्पना करून माझ्या अंगावर काटा येतो.

पोप तेव्हा टस्कनीच्या मॅटिल्डाच्या कानोसा किल्ल्यात होता. राजा फौज घेऊन आला, अशी त्याची समजूत झाली होती. राजा आला तो लोकरीचा जाडाभरडा अंगरखा घालून, अनवाणी. २५ जानेवारी १०७७ पासून तीन दिवस तो दारात उभा होता. आत मॅटिल्डा आणि क्लूनीचा मठाधिपती ह्यू रदबदली करत होते. हा ह्यू हेन्रीचा धर्मपिता. ग्रेगरीने नंतर जर्मन सरदारांना जे पत्र लिहिलं, त्यात एक विलक्षण कबुली आहे: ही धर्मगुरूची कठोरता नसून जुलमी माणसाचं क्रौर्य आहे, असं आपल्याच भोवतालचे काहीजण म्हणू लागले होते.

२८ तारखेला दार उघडलं.

जर्मन भाषेत ‘कानोसाला जाणे’ म्हणजे नाक घासत शरण जाणे. रोमशी झगडताना बिस्मार्कने १८७२ मध्ये राईशस्टागमध्ये आपण कानोसाला जाणार नाही असं ठणकावलं, ते याच अर्थाने. मला हा अर्थ अपुरा वाटतो. ग्रेगरी राजकारणी म्हणून पाहत असता तर त्याने दार बंदच ठेवलं असतं. आउग्सबुर्गला तो न्यायाधीश होणार होता आणि हेन्री आरोपी. पण पश्चात्ताप करत दारात आलेल्या माणसाला पाद्री परत पाठवू शकत नाही. ग्रेगरीतला पाद्री त्याच्यातल्या मुत्सद्द्यावर भारी पडला, आणि मला तो त्याच क्षणी सर्वांत मोठा वाटतो. हेन्रीने त्या दारात राज्य वाचवलं. गमावलं ते वेगळंच: तीन दिवस अनवाणी उभं राहून त्याने कबूल केलं की तेल लागलेला राजाही इतरांसारखाच प्रायश्चित्त घेणारा संसारी माणूस आहे.

पुढचं सगळं दुःखाचं आहे. मार्चमध्ये सरदारांनी तरीही रुडॉल्फला राजा निवडलं. दुसऱ्यांदा बहिष्कार झाल्यावर हेन्रीने स्वतःचा पोप उभा केला आणि १०८४ मध्ये रोम घेऊन त्याच्या हातून मुकुट घेतला. ग्रेगरीला सोडवायला आलेल्या नॉर्मनांनी रोम लुटलं आणि ग्रेगरी १०८५ मध्ये सालेर्नोला परागंदा अवस्थेत वारला. हेन्रीवर दोन मुलं उलटली. घाटातून आणलेला कोनराड त्यातला पहिला, पाचवा हेन्री दुसरा. ११०६ मध्ये हेन्री लिएजला मेला तो बहिष्कृतच. श्पायरला त्याचं शव पवित्र न केलेल्या कपेलात पाच वर्षं पडून राहिलं.

तोडगा निघाला तो २३ सप्टेंबर ११२२ ला, व्होर्म्समध्येच. पाचव्या हेन्रीने अंगठी आणि काठी सोडली. जमीन आणि अधिकार राजाने राजदंडाने द्यायचे आणि धर्मपद चर्चने. एकाच माणसाच्या अंगावरची दोन नाती अशी वेगळी केली गेली.

बिशप कोणी नेमायचा हा प्रश्न पुढे आपल्या किनाऱ्यावरही आला. धर्मप्रसाराच्या बदल्यात पोपनेच पोर्तुगालच्या राजाला बिशपांची नावं सुचवण्याचा हक्क दिला होता. त्याला पाद्रोआदो म्हणत. १५३४ मध्ये स्थापन झालेला गोव्याचा धर्मप्रांत त्याखाली आला. मुंबईत रोमने थेट पाठवलेले अधिकारी आणि पाद्रोआदोचे पाद्री यांच्यात पिढ्यान्‌पिढ्या तंटा चालला आणि एकाच शहरातली चर्चं दोन अधिकारांत वाटली गेली. १९२८ मध्ये समझोता झाला तोही असा, की मुंबईचा आर्चबिशप आळीपाळीने पोर्तुगीज आणि ब्रिटिश असावा. १९५० मध्ये पोर्तुगालने हा हक्क सोडला, आणि त्याच वर्षाच्या अखेरीस व्हॅलेरियन ग्रेशियस मुंबईचे पहिले भारतीय आर्चबिशप झाले.