कंठस्वराचें नियमन व त्याचीं विनामूल्य साधनें

घरीं संगणकावर गीत ध्वनिमुद्रित करणाऱ्या नवशिक्यास एक अडचण हटकून येते. गातांना गीत मधुर वाटतें. पण तेंच हार्मोनियम-तबल्याच्या साथीसह फिरून ऐकलें, कीं एखादा हळुवार शब्द साथीखालीं दडतो आणि तारसप्तकांतील एखादा स्वर कानांस टोचतो. कसलेला गायक उंच स्वराच्या वेळीं मायक्रोफोनपासून किंचित् मागें सरतो. हें कौशल्य ज्यास अद्याप साधलेलें नाहीं, त्याच्या मदतीस कॉम्प्रेसर येतो.

कॉम्प्रेसर म्हणजे आवाज कमीजास्त करण्याच्या कळीवर हात ठेवून बसलेला जणूं एक दक्ष पहारेकरीच होय. आवाजानें ठराविक उंबरठा ओलांडला, कीं तो त्यास दाबतो. समजा, उंबरठा उणें १८ डेसिबलांवर व प्रमाण ४:१ असें ठेविलें. एक स्वर उणें १० डेसिबलांपर्यंत चढला, म्हणजे उंबरठ्याच्या ८ डेसिबल वर गेला. त्या ८ चे २ च उरतात, व स्वर उणें १६ वर थांबतो. नंतर सगळाच आवाज थोडा चढविला, कीं हळुवार शब्दही स्पष्ट ऐकूं येतात.

हें काम पूर्वीं महागड्या यंत्रांवांचून होत नसे. टेलेट्रॉनिक्सच्या एलए-२ए या यंत्रांत आवाज वाढतांच एक दिव्याची पट्टी उजळे, व तिच्या प्रकाशानें आवाज दबे. १९६७ सालीं बिल पटनम यांनीं ११७६ हें अधिक चपळ यंत्र सिद्ध केलें. आज हेंच कार्य प्लगइन नांवाच्या लहान आज्ञावली करतात, व त्यांतील कित्येक विनामूल्य आहेत.

शोधाचा आरंभ आपल्या घरांतूनच करावा. ऑडॅसिटी व गॅरेजबँड या विनामूल्य आज्ञावलींत कॉम्प्रेसर अंगभूतच असतो. त्यानें भागलें नाहीं, तर क्लांगहेल्मचा डीसी१ए पाहावा. त्यांत मुख्य कळा दोनच असल्यानें नवशिक्यास तो सोपा जातो. टोकियो डॉन लॅब्सचा कोटेलनिकोव्ह व मेल्डाचा एमकॉम्प्रेसर यांत प्रत्येक गोष्ट स्वतः ठरवितां येते. लिनक्स वापरणारांस एलएसपी व काफ हे संच उपयोगी पडतात. प्लगइन घेण्यापूर्वीं तो आपल्या संगणकास जुळतो कीं नाहीं हें पाहावें. गॅरेजबँडला एयू प्रकारचाच लागतो. तसेंच तो कायमचा विनामूल्य आहे, कीं कांहीं दिवसांपुरता, हेंही वाचून घ्यावें.

प्लगइन निर्मात्याच्या स्वतःच्या संकेतस्थळावरूनच घ्यावा. किंमती प्लगइनांच्या चोरट्या प्रतींच्या वाटेस मुळींच जाऊं नये. त्यांनीं निर्मात्याचे श्रम बुडतात. शिवाय त्यांतून उपद्रवी आज्ञावली संगणकांत शिरून आपला सारा संग्रह नष्ट होण्याचें भय असतें.

वापरतांना संयम हवा. आरंभीं प्रमाण ३:१ ठेवावें व उंच स्वर ३ ते ६ डेसिबल दबेल इतकाच उंबरठा उतरवावा. पहारेकरी फार त्वरेनें धांवला, तर क, ट, प यांसारख्या व्यंजनांची धार बोथट होते. म्हणून अटॅक सुमारें १० व रिलीज सुमारें १०० सहस्रांश सेकंद ठेवून पाहावें. अति दाबल्यास श्वासाचा व पंख्याचा आवाज वर येतो, आणि ज्या चढउतारांत गीताचा भाव असतो, तेच सपाट होतात.

मोठा आवाज कानांस नेहमीं अधिक चांगला भासतो. म्हणून मूळ व संस्कारित आवाज समान पातळीवर आणून मगच तुलना करावी. तसें केलें असतां विनामूल्य प्लगइनही पुरेसा आहे, असें बहुधा आढळून येईल. साधन फुकट मिळतें. कान मात्र ज्याचे त्यानेंच तयार करावे लागतात.