झाडीपट्टीचा बहुरूपी नट : परशुराम खुणे
वैनगंगेच्या खोऱ्यातील झाडीपट्टी रंगभूमी दंडारीच्या परंपरेतून वाढली. धानाची कापणी उरकल्यावर शंकरपटाच्या निमित्ताने गावोगावी रात्रभर नाटके होतात. वडसा हे त्यांचे प्रमुख केंद्र होय. या रंगभूमीवरील गडचिरोलीचे नट परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली, तेव्हा ५,००० हून अधिक प्रयोग व सुमारे ८०० भूमिका अशी त्यांच्या कारकिर्दीची नोंद झाली. म्हणजे एका भूमिकेस सरासरी सहा-सात प्रयोग. शहरी व्यावसायिक नट एकच भूमिका शेकडो वेळा करू शकतो. येथे मात्र पात्र वारंवार पालटावे लागते. तात्पर्य, अष्टपैलुत्व हा येथे केवळ व्यक्तिगुण नसून रंगभूमीची अटच आहे. चित्रपटातील भूमिका फितीवर उरते. या भूमिका मात्र प्रायः प्रेक्षकांच्या स्मृतीतच राहतात. त्यांचे वेळीच संकलन करणे हे अभ्यासकांचे कर्तव्य ठरते.