शिवडीच्या चिखलातलं मूळ रान

मुंबईत परळच्या भोईवाड्यातून पूर्वेकडे निघालं की हार्बर लाइनचं शिवडी स्टेशन लागतं, मग बंदराची गोदामं, ट्रकांच्या रांगा आणि त्यांच्या पलीकडे जंगल. केईएम आणि टाटा रुग्णालयांच्या गजबजाटापासून ते चालत गाठता येतं. मुंबईची बेटं जोडली जाण्याआधी परळ हे वेगळं बेट होतं. त्याच्या पूर्वेच्या खाजणात जे रान उगवायचं, तशीच झाडं आजही तिथे उभी आहेत. हे कांदळवन म्हणजे खारफुटीचं जंगल. ते जगतं कसं, हे समजून घेतलं की त्या चिखलाकडे पाहण्याची नजरच बदलते.

समुद्राच्या एक लीटर पाण्यात साधारण ३५ ग्रॅम मीठ असतं. तुळशीला हे पाणी घाला, चार दिवसांत ती वाळेल. कारण मातीत मीठ जास्त झालं की मुळांना पाणी मिळण्याऐवजी उलट त्यांच्यातलंच पाणी बाहेर ओढलं जातं. कांदळवनात हे पाणी दिवसातून दोनदा येतं. दुसरं संकट चिखलाचं. वरचा पातळ थर बाजूला केला की खाली काळा गाळ लागतो आणि सडक्या अंड्यासारखा वास येतो. तो हायड्रोजन सल्फाइडचा. तिथे ऑक्सिजन जवळपास नसतोच, आणि मुळांना तर श्वास घ्यावाच लागतो. खारं पाणी आणि गुदमरवणारी जमीन, ही दोन्ही संकटं एकदम झेलणारी झाडं जगात फार थोडी आहेत.

शिवडीत त्यातलं एकच झाड बहुतेक सगळीकडे दिसतं: तिवर. त्याचं पान हातात घेऊन पाहा. वरची बाजू हिरवीगार, चकचकीत; खालची रुपेरी, बारीक लव असलेली. कोरड्या दिवशी पानावर पांढरे कण चमकतात. बोटाने टिपून जिभेला लावले तर ते चक्क मीठ! पानातल्या सूक्ष्म ग्रंथी जास्तीचं मीठ सतत बाहेर टाकत असतात. कोकणातल्या खाड्यांत दिसणारा कांदळ दुसरा मार्ग धरतो. त्याची मुळं पाणी आत घेतानाच नव्वद टक्क्यांहून अधिक मीठ बाहेर अडवतात. पंप नाही, वीज नाही; हे सगळं नुसत्या पानांच्या ओढीवर चालतं. समुद्राचं पाणी गोडं करायला माणसाला केवढाले कारखाने उभारावे लागतात, हे आठवलं की या झाडापुढे हात जोडावेसे वाटतात.

श्वासाची युक्ती पायाशी दिसते. तिवराभोवती चिखलातून पेन्सिलीएवढ्या हजारो खुंट्या वर आलेल्या असतात. ती त्याची श्वसनमुळं. त्यांच्या सालीवर बारीक रंध्रं असतात. त्यांतून हवा आत जाते, पाणी जात नाही. भरतीत खुंट्या बुडाल्या की आतला ऑक्सिजन वापरला जातो आणि दाब कमी होतो. ओहोटीला खुंट्या उघड्या पडल्या की बाहेरची हवा आपोआप आत ओढली जाते. शोलांडर या शास्त्रज्ञाने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी १९५५ मध्ये फ्लोरिडातल्या खारफुटीवर याचे प्रयोग प्रसिद्ध केले. कांदळाच्या भाऊबंदाच्या मुळांवरची रंध्रं त्यांनी ग्रीस लावून बुजवली, तेव्हा दोन दिवसांत चिखलातल्या मुळांमधला ऑक्सिजन जवळपास संपला. म्हणजे भरती-ओहोटीच्या तालावर हे जंगल खरोखर श्वास घेतं.

कुठलं झाड कुठे उभं राहणार, हेही भरतीच ठरवते. अमावस्या-पौर्णिमेला उधाण येतं. पावसाळ्यात महापालिका साडेचार मीटरच्या पुढच्या भरतीचे दिवस आधीच जाहीर करते. अष्टमीच्या सुमाराला भांगाची भरती असते, तेव्हा पाणी फार वर चढत नाही. रोज बुडणारी जागा वेगळी आणि महिन्यातून मोजक्या दिवशी बुडणारी वेगळी. कोकणातल्या खाडीत पाण्याच्या बाजूला पांढरी चिपी आणि कांदळ, तर जमिनीच्या बाजूला गेवा आणि काटेरी पानांची, जांभळ्या फुलांची मारांडी भेटते. यातली पांढरी चिपी २०२० पासून महाराष्ट्राचा राज्य कांदळवृक्ष आहे. उंचीतल्या वीतभर फरकानेही शेजार बदलतो. तिवर मात्र काठावरही टिकतो आणि आतही, जास्त मीठ सोसतो, मैलाही सोसतो. म्हणूनच महानगराच्या कुशीत तो उरला.

त्याची फळं पावसाळ्यात पिकतात. बी झाडावर असतानाच फळाच्या आत रुजायला लागतं, म्हणजे खाली पडतं ते जवळजवळ तयार रोप. ते तरंगत जातं, साल टाकतं आणि चिखल लागताच मुळं सोडतं. त्या दिवसांत पावसाने खाडीचा खारेपणा उतरलेला असतो. कोवळ्या रोपाला इतका सोयीचा हंगाम वर्षात दुसरा नाही.

गळलेली पानं कुजून गाळाला खत मिळतं. खेकडे बिळं करून त्याच गाळात हवा खेळवतात, निवट्या त्याच्यावरून उड्या मारतात, आणि उघड्या चिखलावर वाढणाऱ्या शेवाळावर हिवाळ्यात रोहित पक्षी उतरतात. ठाणे खाडीतलं रोहित अभयारण्य २०१५ मध्ये जाहीर झालं आणि २०२२ मध्ये त्याला आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळींना मिळणारा रामसर दर्जा मिळाला. शिवडी त्याच्या हद्दीत येत नाही, पण भरती दोन्हीकडे एकच.

मुंबई उच्च न्यायालयाने २००५ मध्ये राज्यातली खारफुटी तोडायला मनाई केली आणि २०१८ च्या निकालात ती कायम ठेवली. हे संरक्षण फार मोलाचं आहे. पण तिवर मारायला कुऱ्हाड लागतच नाही. डेब्रिजचा एक बांध घालून भरतीचं पाणी अडवलं की मागचं रान उभ्या उभ्या सुकतं. याच्या उलटही तितकंच खरं आहे. पाण्याची वाट मोकळी केली, तर समुद्र स्वतः रोपं आणून देतो. खड्डे खणायला नकोत की पाणी घालायला नको. म्हणून कांदळवन राखायचं तर झाडं मोजण्याआधी नाले, खाड्या आणि बांध पाहायला हवेत. भरती आत येते का, आणि ओहोटीला परत जाते का? या दोन प्रश्नांचं उत्तर 'हो' असेल, तर बाकीचं काम तिवराला उत्तम जमतं.