जहाज शनिवारी सुटणार, मग द्राक्षे कधी खुडायची? वेळापत्रक असं वाचा

नाशिक : निफाड, दिंडोरी, चांदवड भागातली निर्यातीची द्राक्षे युरोपला जातात ती न्हावा शेव्याच्या जवाहरलाल नेहरू बंदरातून. हंगाम सुरू झाला की निर्यातदाराकडून व्हॉट्सअ‍ॅपवर जहाजाचं वेळापत्रक येतं. जहाज सुटण्याची तारीख सगळेच बघतात. पण बागेतला खुडा ठरतो तो दुसऱ्याच एका तारखेवर, म्हणजे बंदराचं गेट बंद होण्याच्या वेळेवर. ती वेळ हुकली तर बहुतेक जहाजसेवा आठवड्यातून एकदाच असल्याने माल आठवडाभर अडकतो. आणि खुडलेला घड काही परत वेलीला लावता येत नाही.

वेळापत्रकात काय काय असतं?

• ईटीडी : जहाज सुटण्याची अंदाजे तारीख.
• ईटीए : जहाज पोहोचण्याची अंदाजे तारीख. दोन्हींत 'अंदाजे' हा शब्द महत्त्वाचा.
• गेट कट-ऑफ : या वेळेच्या आत भरलेला कंटेनर बंदरात गेलाच पाहिजे. जहाज धक्क्यावर उभं असलं तरी नंतर आलेला कंटेनर सहसा घेत नाहीत.
• गेट ओपन : कंटेनर कधीपासून आत घेतील ती वेळ. फार लवकर गाडी पाठवूनही उपयोग नसतो.
• कागदपत्रांची कट-ऑफ : कंटेनरचा तपशील आणि व्हीजीएम, म्हणजे कंटेनरसह मालाचं प्रमाणित वजन, देण्याची शेवटची वेळ. १ जुलै २०१६ पासून हे वजन दिल्याशिवाय कंटेनर जहाजावर चढवता येत नाही.
• टर्मिनल : न्हावा शेव्याला एकापेक्षा जास्त टर्मिनल आहेत. ड्रायव्हरला नाव नीट सांगितलेलं नसेल तर गाडी भलत्याच गेटवर जाऊन वेळ जातो.

उलटी मोजणी करा

समजा, जहाज शनिवारी सुटणार आहे आणि गेट कट-ऑफ शुक्रवारी दुपारी १२ ची आहे. आता मागे मोजत यायचं.

नाशिकहून बंदर साधारण २०० किलोमीटर. अंतर फार नाही, पण कसारा घाट, भिवंडीची कोंडी आणि बंदराबाहेरची रांग धरली तर गाडी गुरुवारी दुपारीच निघालेली बरी. म्हणजे गुरुवारी सकाळी पॅकहाऊसवर कंटेनर भरून सील झाला पाहिजे. फायटो सर्टिफिकेटची तपासणीही तोवर उरकलेली हवी.

कंटेनर भरण्याआधी प्री-कूलिंग लागतं. बागेतून आलेला गरम माल थंड करून ४ अंशांच्या खाली आणायचा, मग शून्य अंशाच्या आसपास ठेवायचा. रीफर कंटेनर थंड माल थंड ठेवतो, गरम माल पटकन थंड करणं हे त्याचं काम नाही. त्यामुळे शेवटच्या पेट्या बुधवारी संध्याकाळपर्यंत प्री-कूलिंगला गेल्या पाहिजेत.

एका ४० फुटी कंटेनरमध्ये साधारण १३ टन द्राक्षे जातात. एवढा माल खुडून, निवडून, पॅक करायला मजुरांची टोळी किती आहे त्यावर एक-दोन दिवस जातात. म्हणजे खुडा मंगळवारी सकाळी सुरू व्हायला हवा. जहाज शनिवारचं, पण बागेसाठी दिवस मंगळवारचा!

मंगळवारऐवजी आधीच्या शनिवारी खुडा केला तर? माल कोल्ड स्टोरेजमध्ये तीन दिवस जास्त पडून राहतो आणि तेवढी त्याची टिकवण आधीच खर्ची पडते. देठ वाळू लागतात, पुढे मणी गळतात.

तारखा का हलतात?

आधीच्या बंदरात गर्दी असली, हवामान बिघडलं की जहाज एक-दोन दिवस मागे पडतं. कधी कंपनी त्या आठवड्याची फेरीच रद्द करते. कधी जहाज भरलेलं असतं आणि कंटेनर पुढच्या जहाजावर ढकलतात. याला 'रोल ओव्हर' म्हणतात. काही जहाजं थेट युरोपला जातात, तर काही सेवांमध्ये कोलंबो, सलाला अशा बंदरात कंटेनर उतरवून दुसऱ्या जहाजावर चढवतात. तिथं पुढचं जहाज चुकलं की आणखी दिवस वाढतात.

वाट बदलली तर सगळंच गणित बदलतं. मार्च २०२१ मध्ये 'एव्हर गिव्हन' जहाज अडकून सुएझ कालवा सहा दिवस बंद राहिला. नोव्हेंबर २०२३ पासून तांबड्या समुद्रात जहाजांवर हल्ले सुरू झाले आणि अनेक कंपन्यांनी जहाजं आफ्रिकेला वळसा घालून नेली. त्या हंगामात युरोपचा प्रवास साधारण १० ते १४ दिवसांनी लांबला, भाडंही वाढलं.

उशीर झालेली दोन-तीन जहाजं एकाच आठवड्यात पोहोचली तर तिकडच्या बाजारात माल एकदम येतो आणि भाव पडतो. तुमचा भाव जागेवर ठरलेला असेल तर हा फटका निर्यातदाराला बसतो. पण तिकडे विक्री झाल्यावर हिशेब होणार असेल तर तो थेट तुमच्या पट्टीत दिसतो.

मोबाईलवर असं बघा

निर्यातदाराकडून जहाज कंपनीचं नाव, जहाजाचं नाव आणि व्हॉयेज नंबर घ्या. तेच जहाज पुन्हा पुन्हा फेऱ्या करतं, म्हणून व्हॉयेज नंबरशिवाय नुसतं नाव अपुरं आहे. कंपनीच्या वेबसाइटवर वेळापत्रक फुकट बघता येतं. माल गेल्यावर कंटेनर नंबर टाका. त्यात चार इंग्रजी अक्षरं आणि सात आकडे असतात. कंटेनर जहाजावर चढला की नाही, मध्ये कुठं उतरला, कधी पोहोचणार, हे त्यावर कळतं.

टोळीला बोलावण्याआधी हे विचारा

१. गेट कट-ऑफ कोणत्या दिवशी, किती वाजता? आज सकाळी पुन्हा तपासली का?
२. बुकिंग पक्कं झालं का? रिकामा रीफर कंटेनर मिळाला का?
३. जहाज थेट जातं की मध्ये बदलतं? एकूण दिवस किती?
४. जहाज लांबलं तर खुडा थांबवायचा की माल कोल्ड स्टोरेजला ठेवायचा? त्याचं भाडं कोण देणार?
५. रेसिड्यू रिपोर्ट आला का आणि शेवटच्या फवारणीनंतरचे दिवस भरले का?

चौथ्या प्रश्नाचं उत्तर लेखी घ्या, व्हॉट्सअ‍ॅपवर आलं तरी चालेल. अवकाळीचं ढग दिसलं की घाई होते, पण कट-ऑफ कळल्याशिवाय कात्री लावू नका. खुड्याच्या आदल्या संध्याकाळी एक फोन करून तारीख हलली नाही ना, एवढं विचारा आणि मगच टोळीला निरोप द्या.