गोठ्यातले बाहुलीघर

वाशिमचे प्राचीन नाव वत्सगुल्म. काव्यपुरुष आणि साहित्यविद्या यांचा विवाह याच नगरात झाला, असे राजशेखराने सुमारे अकराशे वर्षांपूर्वी ‘काव्यमीमांसे’त लिहून ठेवले. वाशिमकर ते अभिमानाने सांगतात. त्याच राजशेखराच्या ‘बालरामायण’ नाटकात सीतेची लाकडी बाहुली येते, हे मात्र फारसे कोणी सांगत नाही. सूत्रधार तिचे अवयव हलवतो आणि तिच्या मुखात बसवलेली मैना बोलते. बेत अर्थातच रावणाला फसवण्याचा!

इतकी जुनी ओळख असलेला हा खेळ महाराष्ट्रात पिढीजात कलावंतांकडून पाहायचा, तर सिंधुदुर्ग जिल्ह्यातील कुडाळजवळच्या पिंगुळीचे नाव प्रथम घ्यावे लागते. तेथील ठाकर समाजाचे परशुराम विश्राम गंगावणे यांना २०२१ साली पद्मश्री जाहीर झाली आणि कळसूत्री बाहुल्या वृत्तपत्रांच्या पहिल्या पानावर आल्या.

सावंतवाडी संस्थानच्या आश्रयाने ठाकर कलावंत मंदिरांमधून रामायण-महाभारतातील आख्याने सादर करीत. कळसूत्री बाहुल्या, चामड्याच्या छायाबाहुल्या आणि चित्रकथी अशी त्यांची मुख्य साधने. कळसूत्रीत रंगवलेल्या लाकडी बाहुलीच्या अवयवांना दोरे बांधलेले असतात आणि पडद्याआडचा कलावंत बोटांच्या हालचालींनी तिला चालवतो, नाचवतो, लढवतो. चित्रकथीची तऱ्हा निराळी. तेथे हातांनी रंगवलेले चित्र प्रेक्षकांसमोर उभे धरून कथा गाऊन सांगितली जाते. एका आख्यानाच्या चित्रांच्या गठ्ठ्याला ‘पोथी’ म्हणतात; पण या पोथीत वाचायला अक्षर नसते. चित्राच्या पाठीवर दुसरे चित्रच चिकटवलेले असते. कथा, गाणी, संवाद सारे सांगणाऱ्याला मुखोद्गत असावे लागते.

या कलेचा खरा धोका येथेच आहे. संस्थाने विलीन झाली, पुढे चित्रपट आणि दूरचित्रवाणीने प्रेक्षक नेला आणि खेळ करून पोट भरेना. एक जाणता कलावंत गेला की त्याच्याबरोबर आख्यानही जाते. मागे उरते ते केवळ रंगीत लाकूड.

अशा काळात गंगावणे यांनी कला सोडली नाही. घरातील गुरांच्या गोठ्याचे त्यांनी संग्रहालय केले. २००६ साली सुरू झालेल्या ‘ठाकर आदिवासी कला आंगण’मध्ये बाहुल्या, जुनी चित्रे आणि वाद्ये जतन करण्यात आली. सरकारी इमारतीची वाट पाहिली असती, तर जपण्यासारखे किती उरले असते, हा प्रश्नच आहे.

युरोपात चेक लोकांनी आपल्या बाहुल्या कशा सांभाळल्या, हे यासंदर्भात पाहण्याजोगे आहे. गावोगाव फिरून खेळ करणारा मातेय कोपेत्स्की १८४७ मध्ये वारला. त्याचे खेळ पुढे त्याच्या मुलाने १८६२ साली छापून घेतले, म्हणून ते टिकले. प्राग येथे १९५२ साली नाट्य अकादमीत बाहुलीनाट्याचे उच्चशिक्षण सुरू झाले आणि २०१६ मध्ये चेक व स्लोव्हाक बाहुलीकलेला युनेस्कोच्या यादीत स्थान मिळाले. पिंगुळीला ना अकादमी लाभली, ना छापखाना.

त्यामुळे गंगावणे यांच्या कामाचे मोल कपाटातील वस्तूंवरून ठरवता येणार नाही. त्यांनी मुलांना बाहुली चालवायला आणि कथा गायला शिकवले. पुराणकथांच्या जोडीला समाजप्रबोधनाचे विषयही बाहुल्यांच्या तोंडी दिले. आंगणात येणाऱ्या पाहुण्याला संग्रह दाखवला जातो तसा खेळही. सूत्र बोटांत धरायचे कसे आणि कोणत्या ओळीला ते ओढायचे, हे मात्र वडिलांच्या शेजारी पडद्याआड उभे राहूनच उमजते.