गुण आणि गुणपत्रिका

परीक्षेचा निकाल लागला कीं आपल्या घरांत पहिला प्रश्न निघतो तो ‘किती मिळाले?’ हा, आणि लगेच दुसरा, ‘शेजारच्याला किती?’ आजोबांपासून धाकट्या काकूंपर्यंत सर्वांस दुसऱ्या प्रश्नाचें उत्तर पहिल्याहून अधिक मोलाचें वाटतें. आम्हीं उभा जन्म शाळेंत गुण देण्याचेंच काम केलें. तेव्हां या दोषापासून आम्हीहि मुक्त नव्हतों, हें प्रथमच कबूल करतों. याच प्रश्नानें सुमारें नव्वद वर्षांपूर्वीं अमेरिकेंतील एक तरुण शिक्षक अस्वस्थ झाला होता. त्या अस्वस्थतेंतून काय निष्पन्न झालें, तें मुलांच्या आईबापांपुढें मांडावें, एवढाच या लेखाचा हेतु.

या शिक्षकाचें नांव जॉन वुडन. १९१० सालीं इंडियाना संस्थानांतील एका शेतकरी कुटुंबांत त्यांचा जन्म झाला. पर्ड्यू विद्यापीठांत बास्केटबॉलचे नामांकित खेळाडू म्हणून त्यांनीं लौकिक मिळविला आणि १९३२ सालीं पदवी घेऊन केंटकीमधील डेटन येथील हायस्कुलांत ते शिक्षक झाले. पहिल्याच वर्षीं त्यांचा संघ जिंकला थोडा व हरला फार! १९३४ सालीं ते इंडियानांत परतले व साउथ बेंड येथील सेंट्रल हायस्कुलांत रुजू झाले. तेथें ते इंग्रजी शिकवीत, खेळाडूंना तयार करीत आणि शाळेचे क्रीडाप्रमुख म्हणूनहि काम पाहत. आपल्याकडे ड्रिल-मास्तर म्हणजे शिक्षकांच्या खोलींतील शेवटच्या खुर्चीचा मालक! तिकडे क्रीडाप्रमुखाचें पद जबाबदारीचें मानतात. सामने ठरविणें, साहित्याची तजवीज करणें, निरनिराळ्या खेळांच्या प्रशिक्षकांवर देखरेख ठेवणें, हीं सर्व कामें त्याच्याकडे असतात.

अमेरिकेंत गुण अक्षरांनीं देतात. ‘ए’ उत्तम, ‘बी’ चांगला, ‘सी’ मध्यम. वुडन यांच्या असें ध्यानांत आलें कीं, शेजाऱ्याच्या मुलास ‘सी’ मिळाला तर आईबापांस त्यांत कांहीं वावगें वाटत नाहीं; आपल्या मुलास मिळाला कीं मात्र मुलगा तरी नालायक ठरतो, नाहीं तर मास्तर तरी. सर्व मुलांची बुद्धि सारखी नसतां एकाच मापानें सर्वांचें यशापयश मोजणें न्याय्य कसें? या विचारांतून १९३४ सालीं त्यांनीं यशाची स्वतःची व्याख्या बांधली. आपल्या अंगीं जेवढें सामर्थ्य आहे तेवढें सर्व वेंचून आपण प्रयत्न केला, या जाणिवेनें मनास जी शांति लाभते, तेंच यश. गीतेचा कर्मयोग ऐकून वाढलेल्या आपणांस हा विचार परका वाटूं नये. परंतु निकालाच्या दिवशीं आपण तोच सर्वांआधीं विसरतों! पुढें चौदा वर्षें खपून त्यांनीं पंधरा सद्गुणांचा एक मनोरा रचला. त्याच्या पायांतील दोन कोनशिला म्हणजे उद्योगशीलता आणि उत्साह.

व्याख्या करणें सोपें. तिची किंमत द्यावी लागते तेव्हां कस लागतो. महायुद्धांत नौदलाची नोकरी करून वुडन १९४६ सालीं इंडियाना स्टेट टीचर्स कॉलेजांत प्रशिक्षक व क्रीडाप्रमुख झाले. पहिल्याच हंगामांत त्यांच्या संघास कॅन्सस सिटी येथील राष्ट्रीय स्पर्धेचें निमंत्रण आलें. कोणाहि तरुण प्रशिक्षकास हर्ष व्हावा अशीच ही गोष्ट. परंतु त्या स्पर्धेंत कृष्णवर्णी खेळाडूंस मज्जाव होता, आणि संघांत क्लेरन्स वॉकर नांवाचा एक कृष्णवर्णी विद्यार्थी होता. तो कांहीं संघाचा आधारस्तंभ नव्हे. राखीव खेळाडूंपैकीं एक. त्यास घरीं ठेवून जाणें अगदीं सोपें होतें. वुडन यांनीं निमंत्रणच परत केलें.

१९४८ सालीं निमंत्रण पुन्हा आलें. या वेळीं वॉकरला खेळण्याची परवानगी मिळाली, पण संघाबरोबर हॉटेलांत राहण्याची नाहीं. वुडन यांनीं पुन्हा नकार दिला. अखेर वॉकरचे आईवडील व कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठीं झटणारी संस्था यांनीं आग्रह केला, तेव्हां ते गेले. त्या स्पर्धेंत खेळणारा वॉकर हा पहिला कृष्णवर्णी खेळाडू ठरला. अंतिम सामना संघ हरला. परंतु वुडन यांच्या व्याख्येनें पाहिलें तर कोण जिंकलें, हें वाचकांस सांगावयास नको. आपल्या घरच्या पंगतींतून आपण कोणाकोणास वगळलें, याचाहि हिशेब ज्याचा त्यानें मनाशीं करावा.

त्याच वर्षीं त्यांस मिनेसोटा येथील विद्यापीठांत जाण्याची इच्छा होती. परंतु हिमवादळामुळें तेथील टेलिफोन ठरल्या वेळीं आला नाहीं, आणि त्यांनीं लॉस एंजेलिस येथील कॅलिफोर्निया विद्यापीठास होकार दिला. थोड्या वेळानें मिनेसोटाचा टेलिफोन आला. पण दिलेला शब्द त्यांनीं फिरविला नाहीं. लॉस एंजेलिसला तालमीची जागा इतर खेळांच्या गर्दींत वांटून घ्यावी लागे. तालमीपूर्वीं जमीन झाडण्या-पुसण्यास हा मुख्य प्रशिक्षक स्वतः हात लावी. नव्या खेळाडूंस पहिला धडा असे पायमोजे नीट घालण्याचा! सुरकुती राहिली तर फोड येतो, फोड आला तर खेळ थांबतो. १९७४-७५ च्या हंगामांत दोघां मानसशास्त्रज्ञांनीं त्यांच्या तालमी बारकाईनें टिपून ठेवल्या. त्यांत निम्म्याहून अधिक बोलणें ‘काय व कसें करावें’ याचें होतें, स्तुति किंवा निर्भर्त्सना अगदींच थोडी.

पहिलें राष्ट्रीय अजिंक्यपद त्यांना मिळालें तें १९६४ सालीं, म्हणजे त्या विद्यापीठांत सोळा वर्षें घालविल्यावर. पुढें १९७५ पर्यंतच्या बारा वर्षांत एकूण दहा अजिंक्यपदें आणि ओळीनें ८८ विजय! एका धनिकानें त्या काळांत खेळाडूंस नियमबाह्य मदत केल्याचा आक्षेप पुढें वृत्तपत्रांत आला. वुडन यांची नजर तिकडे पुरेशी नव्हती, ही टीका अगदींच अस्थानीं म्हणवत नाहीं. तरीहि त्यांचा शिष्य, विख्यात खेळाडू करीम अब्दुल-जब्बार, यानें २०१७ सालीं गुरूशीं असलेल्या पन्नास वर्षांच्या स्नेहावर पुस्तक लिहिलें, यावरून शिष्यांच्या मनांत त्यांचें स्थान कोणतें होतें तें दिसतें. २०१० सालीं, शंभरीस थोडे महिने उरले असतां, वुडन निवर्तले.

आपल्या भाषेंत परीक्षेंतल्या आंकड्यांसहि गुण म्हणतात व अंगच्या सद्गुणांसहि गुणच म्हणतात. एकाची नोंद पत्रिकेंत होते. दुसऱ्याची घरांतील वडीलधाऱ्यांनीं ठेवावयाची असते. यंदा निकाल लागेल तेव्हां मुलास जवळ बसवून ‘तूं तुझ्याकडून कांहीं राखून ठेवलें नाहींस ना?’ एवढेंच विचारावें. तो मान वर करून ‘नाहीं’ म्हणाला, तर शेजारच्याचे गुण विचारण्याचें कारणच उरत नाहीं.