शेजारच्या दाराचा रंग

गळीत हंगाम सुरू झाला, की नगर जिल्ह्यातल्या गॅरेजांत एका ठरावीक जखमेच्या गाड्या यायला लागतात. राहुरी, नेवासा, श्रीरामपूर, कोपरगाव या पट्ट्यात उसाची ट्रॉली रस्ता अडवून चाललेली असते, बाजूने कार काढायची घाई होते आणि ट्रॉलीचा लोखंडी कोपरा पुढच्या दारावर कमरेच्या उंचीला एक खोल रेघ ओढून जातो. मालक गाडी आणतो आणि बहुतेक वेळा एकच अट घालतो : "मिस्त्री, फक्त हे दार रंगवा. बाकीला हात लावू नका. कंपनीचा रंग आहे."

अट ऐकायला अगदी रास्त वाटते. पण गाडी चंदेरी रंगाची असेल, तर नेमकी हीच अट काम बिघडवते. ती का, हे समजायला आधी कंपनीचा रंग म्हणजे काय ते पाहावं लागेल.

कारखान्यात रंग लागतो तेव्हा गाडी अजून गाडी झालेली नसते. नुसता पत्र्याचा सांगाडा असतो. ना इंजिन, ना काचा, ना वायरिंग, ना सीट. हा अख्खा सांगाडा प्रायमरच्या टाकीत बुडवतात आणि विजेच्या प्रवाहाने प्रायमर कानाकोपऱ्यात चिकटवतात. हा थर साधारण २० मायक्रॉनचा. तो १६० ते १८० अंशांच्या भट्टीत भाजला जातो. त्यावर ३०-४० मायक्रॉनचा सरफेसर, त्यावर १२ ते २० मायक्रॉनचा खरा रंग आणि सगळ्यात वर ३५ ते ५० मायक्रॉनचा पारदर्शक क्लिअर. वरचे थर १४० अंशांच्या आसपास भाजतात. सगळं मिळून १०० ते १४० मायक्रॉन, म्हणजे डोक्याचे दोन केस एकावर एक ठेवले तर होईल तेवढी जाडी. त्यातला ज्याला आपण रंग म्हणतो, तो केसाच्या पाव जाडीचा. चमक क्लिअरची असते आणि ऊनही आधी तोच अंगावर घेतो.

गॅरेजमध्ये आलेली गाडी १४० अंशांत घालता येत नाही. प्लॅस्टिक वितळेल, वायरिंग जाईल. म्हणून दुरुस्तीच्या क्लिअरमध्ये हार्डनर मिसळतात आणि तो रंगकामाच्या बंद खोलीत, म्हणजे बूथमध्ये, ६० अंशांवर अर्ध्या तासात वाळवतात. बूथ नसेल तर उघड्या हवेवर रात्रभर. म्हणजे दुकानातल्या डब्यातला रंग आणि कारखान्याचा रंग मुळात वेगळी रसायनं आहेत. एक भट्टीत पिकलेलं, दुसरं हार्डनरने आवळलेलं. "कंपनीचा ओरिजिनल कलर मारा" असं म्हणणाऱ्याला हे कुणीतरी शांतपणे सांगायला हवं. कंपनीचा रंग पुन्हा लागत नाही, त्याच्यासारखा दिसणारा रंग लागतो. जुने पेंटर अजूनही या कामाला "ड्युको मारणं" म्हणतात. ड्युको हे १९२० च्या दशकात अमेरिकेतल्या ड्यूपॉन्ट कंपनीने आणलेल्या झटपट वाळणाऱ्या लॅकरचं नाव. ते लॅकर गेलं, शब्द राहिला.

आता जुळवणी. पहिलं काम कोड शोधण्याचं. आरसी बुकात रंगाचं नाव असतं, पण नावावर जायचं नाही. दाराच्या खांबावर किंवा बॉनेटखालच्या पट्टीवर कंपनीने कोड दिलेला असतो. मारुतीचा सुपिरिअर व्हाइट म्हणजे २६यू, सिल्की सिल्व्हर म्हणजे झेड२एस, टोयोटाचा साधा पांढरा म्हणजे ०४०. हा कोड रंग कंपनीच्या संगणकात घातला की पाककृती मिळते : कुठलं टिंटर, म्हणजे कुठला मूळ रंग, किती ग्रॅम.

इथे नवख्या माणसाला वाटतं, काम झालं. खरी अडचण इथूनच सुरू होते. एकाच कोडच्या दोन गाड्या एकाच रंगाच्या नसतात. रंगाचा घाणा बदलतो, एकच मॉडेल दोन कारखान्यांत तयार होतं, वर्षं उलटतात. म्हणून रंग कंपन्या एका कोडच्या अनेक उपशेड देतात. एक जरा पिवळट, एक निळसर, एक जाड दाण्याची. त्यांच्या पट्ट्यांचा जुडगा असतो. तो गाडीला टेकवून कुठली जवळची ते ठरवायचं. मोठ्या वर्कशॉपांत यासाठी कॅमेऱ्यासारखं यंत्र असतं. ते पत्र्यावर ठेवलं की पाच-सहा कोनांतून परतणारा उजेड मोजतं आणि जवळची शेड सुचवतं. यंत्र चांगलं आहे, पण ते सुचवतं. ठरवायचं डोळ्यांनी.

आणि डोळ्याला आधी स्वच्छ पत्रा दाखवावा लागतो. आपल्याकडचं ऊन, धूळ आणि बोअरचं जड पाणी यांनी जुन्या क्लिअरवर पांढुरकं सावट येतं. शेजारच्या दारावर हातभर जागेत घासायचं कंपाउंड मारून खालचा खरा रंग उघडा केल्याशिवाय शेड पाहूच नये. नाहीतर मळाला रंग जुळवला जातो. पुढे मालक गाडी पॉलिश करतो, मळ निघतो आणि रंगवलेलं दार एकटं पडतं.

टिंटर वजनावर मिसळतात. वजनकाटा ग्रॅमच्या दहाव्या भागापर्यंत बोलणारा हवा. कारण चंदेरी रंगाच्या शंभर ग्रॅममध्ये काळ्याचे काही थेंबच असतात. एक थेंब जास्त पडला की शेड बदलली. म्हणून "एवढुशा दाराला पन्नास ग्रॅम बस" असा हिशेब करणारा फसतो. जितकं कमी बनवाल तितकी एका थेंबाची चूक मोठी.

मग कार्ड. मला या साऱ्या कामातली सगळ्यात सुंदर गोष्ट हीच वाटते आणि सगळ्यात जास्त टाळली जाते तीही हीच. एका पुठ्ठ्यावर किंवा पत्र्याच्या तुकड्यावर, ज्या स्प्रे गनने आणि ज्या दाबाने दार मारायचं त्याच गनने तोच रंग मारायचा. कार्डावर काळ्या-पांढऱ्या चौकटी असतात. त्या पूर्ण झाकल्या जाईपर्यंत किती हात, म्हणजे रंगाचे किती थर, लागले ते मोजायचं. त्यावर क्लिअर मारायचा, वाळू द्यायचा, कारण ओला रंग आणि वाळलेला रंग एक नसतो. मग ते कार्ड गाडीला कडेशी कड लावून धरायचं आणि गाडी उन्हात काढायची. ट्यूबलाइटखाली हुबेहूब जुळलेले दोन रंग सूर्यप्रकाशात फुटतात, कारण दोन्हींत टिंटर वेगळी असतील तर प्रत्येक उजेडाला ती वेगळी उत्तरं देतात. शिवाय समोरून एकदा पाहायचं आणि पत्र्याच्या जवळजवळ समांतर, आडवं एकदा. चंदेरी रंगात समोरून जुळतं आणि आडवं काळं पडतं, हा रोजचा अनुभव.

ते असं का होतं? चंदेरी रंगात ॲल्युमिनियमच्या बारीक चपट्या चकत्या असतात. एखाद्या टेकडीवरून गावाकडे पाहिलं तर पत्र्याची काही छपरं डोळे दिपवतात आणि त्यांना लागूनच असलेली, तशाच पत्र्याची, काळसर दिसतात. पत्रा एकच, कल वेगळा. रंगातल्या चकत्यांचं तेच. रंग ओलसर, जाड मारला तर त्या खोल बुडतात, वेड्यावाकड्या होतात आणि समोरून रंग गडद दिसतो. लांबून, कोरडा मारला तर त्या सपाट निजतात आणि समोरून रंग उजळतो, पण आडवा पाहिला की काळवंडतो. कारखान्यात हे काम मिनिटाला हजारो फेरे घेणारं यंत्र विजेचा दाब देऊन करतं. तिथे प्रत्येक चकती जवळजवळ सारखीच निजते. इथे गन माणसाच्या मनगटात आहे. म्हणून एकाच डब्यातला रंग दोन पेंटरांच्या हातून दोन शेडचा लागतो. गनचं तोंड १.३ मिलिमीटरच्या आसपास, पत्र्यापासून वीतभरापेक्षा थोडं कमी अंतर, प्रत्येक पट्टा आधीच्या पट्ट्यावर निम्मा चढलेला आणि दोन हातांमध्ये थिनर उडून रंग मंद होईपर्यंत पाच-दहा मिनिटं थांबणं. ही शिस्त मोडली की चंदेरी दारावर ढग दिसतात.

आता मालकाच्या अटीकडे येतो.

सगळं नीट केलं, तरी रंग शंभर टक्के जुळत नाही. थोडा फरक उरतोच. प्रश्न असा, की तो फरक डोळ्याला कुठे दिसतो? दोन रंगांच्या मध्ये सरळ कड असेल तिथे. दोन दारांमधली फट ही अशीच कड आहे. रंग तिथे थांबवला, तर डोळा दोन्ही बाजू शेजारी ठेवून तुलना करतो आणि चोर पकडतो. तोच फरक दीड-दोन फुटांत हळूहळू विरवला, तर डोळ्याला तुलना करायला जागाच सापडत नाही. म्हणून जाणता मिस्त्री जखमी दारावर रंग पूर्ण मारतो आणि मागच्या दारावर व पुढच्या फेंडरवर तो विरत नेतो. मनगट वळवत, चाप सोडत, प्रत्येक हात थोडा पुढे. शेजारच्या दाराच्या दूरच्या कडेपर्यंत रंग कधीच पोचू द्यायचा नाही. क्लिअर मात्र तिन्ही भागांवर कडेपासून कडेपर्यंत.

याने मालकाचा कंपनीचा रंग जात नाही. शेजारच्या दाराची फक्त वरची चमक ८०० ते १००० नंबरच्या वॉटर पेपरने मोडलेली असते. खालचा भट्टीतला थर, प्रायमर, सगळं जागेवर असतं. त्या दाराला हात लावू नका म्हणणं, म्हणजे जखमेच्या दोन्ही बाजूंना स्वतःच रेघ ओढून घेणं आहे. खर्च वाढतो हे खरं. पण विरवणीचे पैसे वाचवून मग दहा वर्षं ते दार नजरेला खुपत राहतं.

जिथे फटच नाही, तिथे मात्र अवघड. मागच्या चाकावरचा पत्रा वर छपराच्या खांबाला अखंड जोडलेला असतो. तिथे क्लिअर मध्येच विरवावा लागतो आणि तो पातळ काठ काही वर्षांनी उन्हात सुटू शकतो. चांगला मिस्त्री हे आधीच सांगतो.

पत्रा आणि लांबी (पुट्टी) यावर थोडक्यात. पोचा जितका हातोडी-ठोकळ्याने निघेल तितका काढायचा. लांबी उरलेल्या उंचसखलपणासाठी असते, खड्डा भरण्यासाठी नव्हे. जुनी गाडी घेणाऱ्याने रंगाची जाडी मोजायचं छोटं यंत्र सोबत न्यावं. १०० ते १४० आकडा आला तर मूळ रंग, २००-३०० आला तर पुन्हा मारलेला आणि हजाराच्या वर गेला तर खाली लांबी.

आपल्या भागात धुळीशी झगडा मोठा. बूथ नसलेल्या गॅरेजमध्ये पोरं आधी जमिनीवर पाणी मारतात, वारा पडेपर्यंत थांबतात. पावसाळ्यात कॉम्प्रेसरच्या टाकीत पाणी साचतं. ते रोज सोडलं नाही तर रंगात फोड येतात. टायरला किंवा डॅशबोर्डला लावायच्या चकाकीतलं सिलिकॉन चुकून पत्र्यावर राहिलं, तर रंग तिथून माशाच्या डोळ्यासारखा गोल मागे सरतो.

बंपर वेगळा रंगला म्हणून भांडणारे पुष्कळ. तो प्लॅस्टिकचा, कमी तापमानाला वेगळा रंगवलेला. नव्या कोऱ्या गाडीचाही बंपर आणि फेंडर उन्हात नीट पाहा, बारीक फरक कित्येकदा तिथेही असतो. मोत्यासारखा पांढरा तीन थरांचा असतो : खाली पांढरा, मध्ये अभ्रकाचा झिरझिरीत थर, वर क्लिअर. मधल्या थराचा एक हात कमी-जास्त झाला की शेड बदलते. म्हणून त्याची तीन-चार कार्डं करावी लागतात, एका हाताचं, दोन हातांचं, तीन हातांचं.

नगरमध्ये आणखी एक रंग रोज दिसतो, लष्कराचा. रणगाडा संग्रहालय आणि आर्मर्ड कोअरचं केंद्र इथलंच. ऑलिव्ह ग्रीन हा रंग केंद्रीय मोटार वाहन नियम १२१ प्रमाणे संरक्षण खात्याच्या वाहनांसाठी राखलेला आहे. खासगी गाडीला तो मारता येत नाही. हौसेने तो मागणाऱ्यांना नाही म्हणणं हे पेंटरचं कामच आहे. लष्करी गाड्यांसारखा बिनचमकीचा रंग दुरुस्तीलाही कठीण. त्याला पॉलिश चालत नाही, म्हणून धुळीचा एक कण बसला तरी अख्खा भाग पुन्हा मारावा लागतो.

एक गोष्ट मात्र मी घाईने सांगणार नाही. क्लिअरच्या हार्डनरमध्ये आयसोसायनेट असतं. ते श्वासातून गेलं की दमा जडू शकतो आणि एकदा शरीर त्याला चिडलं की पुढे थोडीशी मात्राही सोसत नाही. असा पेंटर कायमचा या धंद्यातून उठतो. तोंडाला बांधलेला रुमाल त्याला अजिबात अडवत नाही. बाहेरची स्वच्छ हवा नळीने पुरवणारा मुखवटा हवा. गाडीची शेड किती जुळली हे विचारणाऱ्या मालकाने, गन धरलेल्या पोराच्या तोंडावर काय आहे, हेही पाहावं.

काम संपतं बहुधा संध्याकाळी. मालक ट्यूबलाइटखाली दारावरून हात फिरवतो, वाकून पाहतो, पैसे काढायला लागतो. तेव्हा खात्रीचा मिस्त्री त्याला थांबवतो. "आत्ता नका बघू, भाऊ. उद्या दहा वाजता या. गाडी उन्हात उभी करतो, दोन्ही बाजूंनी बघा. रंगवलेलं दार कुठलं आणि जुनं कुठलं, ते तुम्ही मला दाखवा."